मुरमाटीवाले सोनुने सर

सोनुने सरांचा अर्ज उघडताना बोटं सांभाळावी लागत. शाळेत टाचण्यांची डबी होती, स्टेपलर होतं, स्टेपलरच्या पिना मी स्वतः भोकरदनहून आणून खणात ठेवल्या होत्या. पण नाही! हा माणूस रजेचा अर्ज, चाचणीचे गुणतक्ते, वीजबिलाची झेरॉक्स, सगळं काट्यानं टाचून द्यायचा. बोटभर लांब, पांढराशुभ्र, सरळसोट काटा, आणि त्याचं टोक नेमकं माझ्या अंगठ्याकडं. एकदा तालुक्याच्या कार्यालयातून आमची अख्खी फाइल परत आली. वर कुणीतरी लाल शाईनं लिहिलं होतं, ‘काटे काढून पाठवावे.’ मी ती फाइल सरांसमोर आपटली.

त्यांनी शेरा शांतपणे वाचला. "टोचला असंल त्यायला," म्हणाले.

"मग? किती वेळा सांगितलं तुम्हाला?"

"गंजत न्हाई मॅडम. टाचणी एका पावसाळ्यात गंजते, कागद खाते. हे बघा." आणि त्यांनी कपाटातून माझ्या आधीच्या मुख्याध्यापकांच्या काळातला एक कागद काढून दाखवला. काटा जसाच्या तसा, कागदावर डाग नाही. मला बोलायला जागाच ठेवायची नाही, ही त्यांची जुनी खोड.

धावड्याच्या रस्त्याला लागलं की वाटेत जी गावं लागतात, त्यातल्या एकात आमची आठवीपर्यंतची शाळा आहे. गावाचं नाव सांगत नाही, कारण मला अजून तिथंच नोकरी करायची आहे. मी भोकरदनला राहते आणि रोज अपडाऊन करते. शाळेच्या मागं तीन-चार एकरांचा माळ आहे. गायरानाची जमीन, पण ग्रामपंचायतीनं कधीतरी शाळेकडं दिलेली. वर वीतभर माती, खाली नुसता मुरूम. त्या माळावर ही मुरमाटी. बाभळीच्याच जातीतली, पण बाभळीसारखी उंच होत नाही. माणसाच्या छातीएवढं झुडूप, पानं बारीक, आणि पानांपेक्षा काटे जास्त. काही लोक तिला मरमट म्हणतात. मी रुजू झाले त्या दिवशी माझी साडी तिच्यात अडकली आणि काठाला चांगलं चार बोटं फाटली. तेव्हापासून आमचं दोघींचं काही जमलं नाही.

सर विज्ञान आणि गणित शिकवायचे. बारीक अंगाचे, रापलेले, शर्टाची बाही कायम कुठंतरी उसवलेली. त्यांच्या मोटारसायकलला एक प्लास्टिकचा पाइप बांधलेला असे, विजेच्या वायरी ज्यातून घालतात तसला, पुरुषभर उंचीचा. "हा कशाला सर?" असं गावातल्या प्रत्येकानं त्यांना एकदा तरी विचारलं असेल. उत्तर ठरलेलं, "लागतो." पुढं एक शब्द नाही. अभ्यासक्रम संपला का असं विचारलं की म्हणायचे, "कोणाचा? माझा झाला, पोरांचा व्हायचाय." केंद्राची बैठक किती वाजता आहे, तर म्हणे, "जल्दी कशाला करता, साहेबच बारा वाजता येऊन राह्यले." अहो, पण वेळ काय? सरळ प्रश्नाला सरळ उत्तर देताना ह्या माणसाचं काय जात होतं, देव जाणे.

फोनही तसाच. तो पिशवीच्या तळाशी, त्यावर भाकरीचा डबा, त्यावर बोरं. फोन वाजला की आधी बोरं बाहेर निघत, मग डबा, तोवर समोरच्यानं कंटाळून ठेवलेला असे. मी म्हणायचे, "सर, फोन वरच्या कप्प्यात ठेवा." ते म्हणायचे, "वर ठेवला तर सारखा वाजंल."

आणि एकच पालुपद, "आधी बघा." मुलानं उत्तर चुकवलं, आधी बघा. मी एखाद्या परिपत्रकावरून चिडले, आधी बघा. माळावर काय आहे एवढं, असं मी विचारलं, तरी आधी बघा. मी म्हटलं, "बघितलं सर. काटे आहेत." ते हसले. मला असलं हसणं मुळीच आवडत नाही.

एकदा शाळेला अचानक भेट द्यायला एक अधिकारी आले. मी धावत सातवीच्या वर्गात गेले तर वर्ग रिकामा, फळ्यावर अर्धवट गणित. शिपाई भानुदास म्हणाला, "सर पोरं घेऊन माळाला गेल्ते, तिकडंच हायेत." साहेब म्हणाले, चला, तिकडंच जाऊ. तिथं बघते तर अख्खा वर्ग झुडपांभोवती पालथा पडलेला, गणवेशांची माती झालेली, आणि मधोमध सोनुने सरही पालथे. साहेबांना बघून उठावं, नमस्कार करावा, तर त्यांनी ओठांवर बोट ठेवलं. साहेबांना! एक मुलगी हळूच म्हणाली, "साहेब, बसा ना खाली. खाटकानं टोळ टांगलाय." खाटीक म्हणजे एक लहानसा पक्षी. तो टोळ पकडतो आणि मुरमाटीच्या काट्याला टोचून ठेवतो, मग सावकाश खातो. साहेब आधी वाकले, मग गुडघ्यावर आले, मग त्या पांढऱ्या पँटीवर सरळ आडवे झाले. अर्धा तास! माझा चहा गार, भजी गार. उठताना पँट टरकन फाटली. जाताना त्यांनी भेटीच्या वहीत लिहिलं, ‘इयत्ता सातवीचे विद्यार्थी वर्गाबाहेर आढळले.’ सह्या दोघांच्याही घ्यायच्या होत्या. मी रागानं केली, सरांनी आनंदानं केली.

एक कबूल करायला हवं. थंडीत ती मुरमाटी फुलली की मीही थांबायचे. अंगभर पिवळेधमक गोल गोंडे, आणि मंद वास, जवळ गेल्याशिवाय येत नाही असा. मधमाश्यांचा नुसता गजर. त्या आठ-दहा दिवसांत सर परिपाठ माळावरच घेत. मी परवानगी द्यायचे, पण तोंड वाकडं करून द्यायचे, कारण ह्यांना एकदा होकार दिला की वर्षभर भोगावं लागतं.

सरांच्या घरी मी एकदाच गेले. त्यांची बायको, आम्ही त्यांना वहिनी म्हणायचो, अंगणात सरांचे शर्ट उलटे करून सुईनं काटे काढत बसलेल्या. "धुवायच्या आधी काढावे लागतेत," त्या म्हणाल्या. "न्हाईतर माझ्या हाताचं चाळणं होतं. लग्न झालं तव्हापासून करून राह्यले." मला त्या बाईची फार दया आली, आणि माझ्यापेक्षा जास्त वैतागलेलं कुणीतरी आहे हे बघून बरंही वाटलं.

मग तो वृक्षलागवडीचा कागद आला.

दरवर्षी येतो तसाच. प्रत्येक शाळेनं इतकी रोपं लावायची, खड्ड्यासकट फोटो काढायचा, रोपासकट फोटो काढायचा, आणि दोन्ही अपलोड करायचे. त्या वर्षी आकडा मोठा होता आणि आमच्याकडं जागा एकच, शाळेमागचा माळ. सरपंच मोकळ्या मनाचे गृहस्थ, त्यांनी जेसीबी फुकट द्यायचं कबूल केलं. "काटेकुटे साफ करू, मॅडम. बिलकुल बाग करून टाकू." मला बाग हवीच होती. गुलमोहर, करंज, मधून पायवाट, बाकडी. मुलं सावलीत डबा खातील. खोटं कशाला बोलू, मी मनात कोनशिलासुद्धा वाचली होती.

सरांनी अर्ज दिला. काट्यानं टाचलेला, अकरा पानांचा! अकरा पानं, बारीक अक्षरात, दोन्ही बाजूंनी. पहिलं पान मुरुमाच्या थरांवर. दुसरं मधमाश्यांवर. तिसऱ्यावर होला पक्ष्यांच्या घरट्यांची आकृती, पेन्सिलीनं छायांकित केलेली. मी तिथं थांबले. त्या आठवड्यात माझ्याकडं पोषण आहाराचा अहवाल होता, पटपडताळणी होती, आणि गच्ची गळत होती. मी त्यांना बोलावून म्हटलं, "सर, थोडक्यात सांगा. तुमचं म्हणणं काय?"

"लिहिलंय ना मॅडम."

"तोंडानं सांगा."

त्यांनी दाराकडं पाहिलं. दारात सरपंच उभे होते, बरोबर दोन माणसं. सर गप्प झाले. मग म्हणाले, "आधी बघा, मंग ठरवा." आणि तासाला निघून गेले. मी डोक्याला हात लावला.

आता माझं पाप सांगते. सरांच्या मुलीचं लग्न ठरलं होतं. त्यांनी आठ दिवसांची रजा मागितली. मी सही केली आणि त्याच दुपारी सरपंचांना फोन लावला, म्हटलं, सोमवारी जेसीबी पाठवा. मुद्दाम त्याच आठ दिवसांतला सोमवार. समोर असते तर वाद घातला असता, आडवे पडले असते, बारावं पान लिहिलं असतं. मला त्या माणसाची कटकट नको होती. एवढं साधं होतं ते.

जेसीबी सकाळी आला. मी फोटो काढत होते, साफसफाईपूर्वी, साफसफाई सुरू, असे. थोड्या वेळानं भानुदास माझ्याकडं आला. त्याच्या हातात एक रोप होतं, मुळासकट उपटलेलं, त्याच्या खांद्याएवढं.

"मॅडम, ह्याच्यात निंब हाये की."

"असेल एखादा," मी म्हटलं.

"एखादा न्हाई."

तो मला ढिगाऱ्याकडं घेऊन गेला. जेसीबीनं झुडपं उखडून एका बाजूला ढीग केला होता. राखाडी फांद्या, पांढरे काटे, आणि त्यांच्यात जागोजागी हिरवं. कडुलिंब. भोकर. एक आपटा. सगळे सरळ वाढलेले. जवळजवळ प्रत्येक झुडपाच्या पोटात एक. भानुदासनं मोजायला सुरुवात केली आणि चाळीसच्या पुढं गेल्यावर सोडून दिलं. मी ओरडून जेसीबी थांबवला. तोवर माळाच्या कडेची पाच-सहा झुडपं तेवढी उरली होती.

त्या संध्याकाळी मी घरी जाऊन तो अर्ज काढला. नववं पान. खाली, इतर मजकुरापेक्षाही बारीक अक्षरात, जाता जाता लिहावं तशा चार ओळी. मुरमाटीच्या आत शेळी तोंड घालू शकत नाही, वरून ऊन लागत नाही, खाली ओल टिकते. अकरा वर्षांपासून मी पाइपातून झुडपाच्या बुडाशी निंबोळ्या व इतर बिया सोडत आहे. काही रोपे आता झुडपाच्या वर डोके काढतील. गावात कळल्यास लोक बघायला येतील व वाट करण्यासाठी काटे तोडतील, म्हणून कोठे बोललो नाही.

म्हणून दारात सरपंच बघून गप्प झाले होते.

आता मला सांगा, जी गोष्ट पहिल्या पानावर, पहिल्या ओळीत, ठळक अक्षरात लिहायची, ती कुणी नवव्या पानाच्या तळाशी लिहितं का? अकरा वर्षं एखादा माणूस पाइप घेऊन हिंडतो आणि विचारलं तर "लागतो" म्हणतो? मी त्यांच्यावर इतकी चिडले, इतकी चिडले, की रडायला लागले. नवरा विचारायला लागला, काय झालं. काय सांगणार त्याला?

सर रजेवरून आले ते हाताला हळद लागलेले, पिशवीत सगळ्यांसाठी लाडू. माळ शाळेच्या फाटकातूनच दिसतो. त्यांनी मोटारसायकल लावली आणि माळावर गेले. मी खिडकीतून बघत होते. ते ढिगाऱ्याभोवती एक फेरी मारून आले, हातपंपावर हात धुतले, आणि सहावीच्या वर्गात अपूर्णांक शिकवायला उभे राहिले. त्यांचा आवाज माझ्या खोलीपर्यंत नेहमीसारखा येत होता. मी तोंडपाठ करून ठेवलेलं सगळं बोलणं तसंच राहिलं. मधल्या सुट्टीत त्यांनी माझ्या टेबलावर एक लाडू ठेवला आणि म्हणाले, "ढीग जाळू नका मॅडम. काट्या माळावर पसरून टाकू." तेवढंच. अहो, ओरडा ना माझ्यावर! पण ते ओरडणाऱ्यांतले नव्हतेच, तीच तर सगळी पंचाईत.

गुलमोहर, करंज लावले. फोटो अपलोड झाले, शाबासकीचं पत्र आलं. उन्हाळ्यात सगळी मुलं बादल्यांनी पाणी घालायची, आणि सर्वांत जास्त बादल्या सोनुने सर वाहायचे. ज्या बागेवर त्यांनी अकरा पानं लिहिली, तिलाच! मी म्हटलं, "तुम्ही कशाला सर?" म्हणाले, "लावलं ना आता? मंग त्याचा काय गुन्हा?" तरी रोपं वाळली. जी वाळली नाहीत ती शेळ्यांनी खाल्ली. लोखंडी जाळ्या तेवढ्या उभ्या राहिल्या, आत काही नाही.

दुसऱ्या पावसाळ्यात जमिनीतून मुरमाटी वर आली. जेसीबीनं झुडपं ओढून काढली होती, पण खोल गेलेली मुळं खाली तशीच होती. आधी वीतभर, मग गुडघ्याएवढी. त्या वर्षी लागवडीचा कागद पुन्हा आला. सरपंचांनी जेसीबीचं विचारलं. मी कळवलं की शाळेकडं जागा शिल्लक नाही. त्यावर खुलासा मागवला गेला, मी खुलासा दिला, पुन्हा मागवला, पुन्हा दिला. दुसऱ्या खुलाशाच्या वेळी मी तो सरांना वाचायला दिला. त्यांनी वाचला आणि म्हणाले, "लांब झालाय." अकरा पानवाले सर!

पाइप मात्र त्यांच्या मोटारसायकलवरून गेला होता. मी कधी विचारलं नाही. विचारायचं तोंड नव्हतं.

मागच्या हिवाळ्यात सर निवृत्त झाले. सत्काराला नको म्हणाले, तरी आम्ही केला, आणि ते खुर्चीत अवघडून बसले. दुसऱ्या दिवशी मुलगा त्यांना आणि वहिनींना संभाजीनगरला न्यायला गाडी घेऊन आला. सामान भरून गाडी शाळेच्या फाटकाशी थांबली, कारण सरांना कपाटाची किल्ली परत द्यायची होती. किल्ली दिली आणि हा माणूस निघाला तो सरळ माळावर. नवा पांढरा शर्ट, सत्कारात मिळालेला. मुलगा हॉर्न वाजवतोय, वहिनी काचेतून, "अहो, शर्ट!" म्हणून ओरडतायत. मी मागं पळाले.

मुरमाटी कंबरेएवढी झाली होती आणि फुललेली होती. सर एका झुडपाशी गुडघ्यावर बसून आत बघत होते. बाही अडकली होती, दोन्हीकडून, आणि ओढली असती तर फाटली असती. मी खाली बसले आणि एकेक काटा सोडवायला लागले. हाताला रक्त आलं. आयुष्यात पहिल्यांदा त्या झुडपात मी एवढी आत डोकावले होते.

बुडाशी, काट्यांच्या आत, बोटाएवढा निंब होता. पानं तांबूस, कोवळी.

"मी टाकलेला न्हाई," सर म्हणाले. "पाखरानं टाकलाय."

मला राहवलं नाही. "सर, माझी चूक झाली. तुम्ही नव्हता म्हणून मुद्दाम बोलावला मी जेसीबी. मुद्दाम. फार मोठी चूक झाली माझी."

बाही सुटली. ते उठले, गुडघे झटकले.

"झाली," म्हणाले.

आणि चालायला लागले. मी मागोमाग. जाऊ द्या म्हणतील, होतं असं म्हणतील, काहीतरी म्हणतील, म्हणून मी फाटकापर्यंत वाट बघितली. ते गाडीत बसले. वहिनींनी त्यांच्या खांद्यावरचा एक काटा काढून बाहेर टाकला. गाडी सुरू झाली, आणि मग सरांनी काच खाली केली.

"त्याला पाणी घालू नका मॅडम. ओल दिसली की लोकायला कळतं."

"नाही घालत."

"आणि कोणाला दाखवू नका."

गाडी गेली. उन्हाळ्यात तो निंब अगदी मान टाकतो. शाळेचा हातपंप वीस पावलांवर आहे. मी रोज जाते, बघते, आणि मोकळ्या हातानं परत येते.